स्वतःच्या घरात भाडेकरू

निरोप दुपारी आला. पिंपरीच्या कारखान्यातून कुणीतरी आमच्या पुण्याच्या कचेरीत फोन केला होता आणि तो घेणाऱ्या शिपायाने चिटोऱ्यावर लिहून ठेवले होते : गोपाळ फिटर गेले, संध्याकाळी चिंचवडला. माझ्यापुढे महानगरपालिकेच्या सभेचा वृत्तांत होता. तो पुरा करून मी निघालो. पोचलो तेव्हा गोपाळच्या दारात माणसे जमली होती आणि सर्वांच्या पुढे, ओट्यावर, तात्या बसले होते. लाकडाचे कुणी पाहायचे, भटजींकडे कुणी जायचे, हे तेच सांगत होते, घर त्यांचे असल्यासारखे. कागदोपत्री ते जवळजवळ तसेच होते, आणि गोपाळविषयी लिहायचे तर त्या कागदांना टाळता येत नाही. डॉक्टरांनी दाखल्यावर हृदयक्रिया बंद पडल्याचे लिहिले आहे. ते खरे आहे. बातमी द्यायची असती तर मीही तेवढेच छापले असते.

गोपाळ आणि मी चिंचवडच्या शाळेत एका बाकावर होतो. चौथीनंतर मी पुण्याला गेलो, तो गावातच राहिला. घरची शेती तीन भावांत वाटली तेव्हा त्याच्या वाट्याला आले त्यात एका बैलालाही वळायला जागा नव्हती, असे तो हसत सांगे. खडकीला एका कारखान्यात तो हेल्पर म्हणून लागला आणि काही वर्षांत फिटर झाला. हात फार चांगला होता. पुण्याला माझ्या खोलीवर आला की चहा होईपर्यंत गप्प बसणे त्याला जमत नसे. दाराची कुरकुरणारी बिजागरी, खिडकीची सैल कडी, स्टोव्हचा पंप, काहीतरी हातात घेई आणि म्हणे, "पेपरवाल्या, दुनियेच्या चुका काढतोस आन घरातली कडी लागत न्हाई व्हय रं तुझ्या?" त्याला स्वतःचे घर हवे होते ते यासाठीच असावे. दुसऱ्याच्या भिंतीत खिळा ठोकायला विचारावे लागते याचा त्याला राग होता.

गाव आणि स्टेशन यांच्यामध्ये त्याने लहानशी जागा घेतली. स्वातंत्र्यानंतरची ती पहिली वर्षे होती. तिकडे तेव्हा बाभळीच जास्त होत्या. दोन खोल्या आणि ओटा एवढाच बेत. भिंती चढल्या आणि पैसे संपले. छप्पर, दारे, खिडक्या राहिल्या. पावसाळा जवळ आला तसा तो तात्यांकडे गेला. तात्या सरकारी कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालेले, वाचनालयाच्या कमिटीवरचे. गावातल्या निम्म्या लोकांचे अर्ज ते लिहून देत आणि त्याचे पैसे घेत नसत. आपल्याला सावकार म्हटलेले त्यांना चालले नसते. सावकारीचा परवाना त्यांच्याकडे नव्हता. ते 'अडल्यानडल्याला मदत' करत.

पंधराशे रुपये मिळाले. त्यासाठी एकाच दिवशी दोन कागद झाले. पहिल्या कागदाने गोपाळने घर तात्यांकडे ताबेगहाण ठेवले, म्हणजे पैसे फिटेपर्यंत घराचा ताबा त्यांचा. दुसऱ्या कागदाने तेच घर तात्यांनी गोपाळला महिना पंधरा रुपये भाड्याने दिले. सकाळी तो ज्या बिनछपराच्या भिंतींना पाणी मारून गेला त्याच भिंतींपाशी संध्याकाळी परत आला. मधल्या वेळात तो तिथला भाडेकरू झाला होता. व्याज हा शब्द दोन्ही कागदांत नाही. व्याजावर कायद्याची नजर असते, म्हणून त्याला भाड्याचे कपडे चढवले होते. गोपाळने विचारले तेव्हा तात्या म्हणाले, "हे नुसतं कागदापुरतं. घर तुझंच आहे." गोपाळने अंगठा नव्हे, सही केली. चार इयत्ता शिकलेला माणूस होता तो, आणि आपण वाचून सही करतो याचा त्याला अभिमान होता.

यापुढचे मला यमुनावहिनींनी, त्याच्या बायकोने, दिवसकार्य झाल्यावर सांगितले. महिन्याच्या पहिल्या रविवारी गोपाळ पैसे नेऊन देई. दोन वर्षांनी तात्या म्हणाले, महागाई वाढली, आता अठरा द्यावे लागतील. गोपाळने कुरकुर केली नाही. उलट घरी येऊन तो खुशीत होता. त्याने असा हिशेब लावला होता की पंधरा रुपये व्याजात जातात, तर वरचे तीन मुद्दलात जाणार. "जास्त भरलं म्हंजे लौकर सुटलं," तो वहिनींना म्हणाला. या चुकीवर हसणाऱ्यांनी आधी स्वतःच्या घरातले कर्जाचे कागद काढून पाहावेत. दर महिन्याला, न चुकता पैसे भरणाऱ्या माणसाला वाटणारच की काहीतरी कमी होत आहे. तो तसे समजतो आहे हे तात्यांना माहीत नव्हते, असे मी मानायला तयार नाही. दर महिन्याला तो त्यांच्यासमोर बसून विचारी, "आता किती राह्यलं असंल, तात्या?" आणि ते म्हणत, "भरतोस ना वेळेवर? मग काळजी कसली?"

मग पिंपरीला कारखाने यायला लागले. सरकारी औषधांचा कारखाना उभा राहिला, गोपाळला तिथे खडकीपेक्षा बऱ्या पगाराची जागा मिळाली. गावाच्या कडेला असलेली त्याची जागा आता मोक्याची झाली. बाहेरगावचे कामगार खोल्या शोधत दारोदार फिरू लागले. ज्याचे घर असेल त्याचे दिवस पालटले, असे सगळे म्हणत होते. गोपाळने त्या दिवाळीत रजा काढून दोन्ही खोल्यांत शहाबादी फरशी घातली. गवंड्याबरोबर स्वतः ओळंबा आणि पाणसळ धरून राबला, मागे न्हाणीघर बांधले. पाडव्याला तात्या फराळाला आले. चप्पल काढून फरशीवरून एका भिंतीपासून दुसऱ्या भिंतीपर्यंत चालत गेले.

"झकास," ते म्हणाले. "पायाला काय गार लागते रे! आता या जागेला चोवीस रुपये कोणीही डोळे मिटून देईल."

पुढच्या महिन्यापासून भाडे चोवीस झाले.

हे वाक्य मी मुद्दाम वेगळे लिहिले आहे. फरशी गोपाळच्या पैशाची, न्हाणीघर त्याचे, घाम त्याचा, घरपट्टी ग्रामपंचायतीत भरायचा तोही तोच. आणि घर सुधारले म्हणून पैसे वाढले ते तात्यांचे. कारखाने आल्यामुळे जागेची किंमत चढली तिचाही लाभ त्यांनाच. कर्ज पंधराशेचेच होते, त्यातला पैसाही वाढला नव्हता. वाढत होते ते त्या पैशाने दर महिन्याला आणायचे उत्पन्न. पुढे चोवीसचे तीस झाले. गोपाळ अजून समजत होता की वरचा पैसा मुद्दल खातो आहे, आणि ओव्हरटाइम करून तो खुशीने भरत होता.

आठ वर्षे झाली तेव्हा त्याच्याकडे सहाशे रुपये साठले होते. त्याच्या अंदाजाने आता एवढेच देणे उरले असावे. त्याने पेढे घेतले आणि वहिनींना बरोबर घेऊन तात्यांकडे गेला. वहिनी सांगतात, तात्यांनी पेढा खाल्ला, नोटांकडे पाहिले आणि त्या परत सरकवल्या.

"गोपाळ, मुद्दल पंधराशे. सहाशे घेऊन मी काय करू? गहाण असं तुकड्यातुकड्यानं सुटत नाही."

"पंधराशे कशानं? मग आठ वर्सं भरलं त्ये काय व्हतं?"

"ते भाडं. राहत होतास ना घरात?"

"घर माझंच हाय की, तात्या."

"आहेच. मी कुठं नाही म्हणतो? पंधराशे आण आणि सोडवून ने." मग वहिनींकडे वळून ते म्हणाले, "बसा, चहा टाकायला सांगतो."

वहिनी म्हणाल्या, "नगं. चहाचं भाडं लावाल."

आठ वर्षांत गोपाळने दोन हजार अठ्ठ्याऐंशी रुपये भरले होते. ही बेरीज मी पावत्यांवरून केली आहे. पावत्या तात्यांनी चोख दिल्या आहेत, प्रत्येकीवर 'भाडे पोचले' असे वळणदार अक्षरात. घेतले पंधराशे, दिले दोन हजारांच्या वर, आणि फिटले शून्य. फरशीचा आणि न्हाणीघराचा खर्च यात धरलेला नाही. त्याने घालवलेल्या रविवारांचा आणि रात्रपाळ्यांचा हिशेब कोणत्या रकान्यात मांडायचा हे मला माहीत नाही.

त्यानंतर तो आणखी कामाला लागला. पिंपरीची शिफ्ट सुटली की सायकलवरून दापोडीला एका गॅरेजमध्ये जाई आणि उशिरापर्यंत इंजिनांवर काम करी. नऊशे रुपये उभे करायचे होते आणि मधल्या काळात महिन्याचे तीस चालूच होते. एकदा तो मला चिंचवड स्टेशनवर भेटला. ती शेवटची भेट. गालफडे बसली होती. मी म्हणालो, जरा दमाने घे, कोर्टात जाता येईल, वकील पाहू. तो म्हणाला, कोर्टात जायचे तर दिवसाचा पगार जातो, आणि तात्यांनीच गावातल्या सगळ्यांचे कोर्टाचे कागद लिहिलेत, साक्षीला कोण येणार?

"पेपरवाल्या, एक छापशील?" तो म्हणाला.

"काय?"

"घर घिऊ नगा म्हनून न्हाई. घर घ्यावंच मान्सानं. पन पैशे भरताना दर खेपंला येकच इचारायचं, मुद्दल किती कमी झालं? बाकी काय बी सांगू द्या. त्याचा आकडा सांगत न्हाई त्यो आपला न्हाई."

"छापतो."

"माझं नाव नगं घालू. लोक म्हनतील, फिटर आन येवढा येडा."

त्याचे नाव मी घातले आहे. वेडा तो नव्हता. समोरच्या माणसाच्या शब्दावर त्याने विश्वास ठेवला, एवढेच. आणि तो शब्द देणारा माणूस वाचनालयाच्या वार्षिक सभेत प्रामाणिकपणावर बोलत असे. गोपाळ गॅरेजमध्येच कोसळला. जवळच्यांनी टांग्यातून दवाखान्यात नेले, उपयोग झाला नाही. साठवलेल्या पैशांतले बरेचसे त्याच आठवड्यात खर्च झाले.

चौदाव्या दिवशी तात्या स्टँपपेपर घेऊन आले. मी तिथे होतो. त्यांनी माझी चौकशी केली, आमच्या पत्राचा एक अग्रलेख आवडल्याचे सांगितले आणि मग वहिनींना म्हणाले की भाडेचिठ्ठी आता तुमच्या नावाने करायला हवी, पस्तीस रुपये, बाजारभाव त्याहून जास्त आहे पण आपला संबंध आहे.

वहिनी उंबऱ्याच्या आत उभ्या होत्या. "ह्यावर अंगठा क्येला तर मी कोन?"

"तुम्ही भाडेकरू."

"आन न्हाई क्येला तर?"

तात्यांनी चष्मा पुसला. "मग जागा खाली करावी लागेल, यमुनाबाई. मलाही बरं वाटणार नाही."

"मग नगा बरं वाटून घिऊ," वहिनी म्हणाल्या. "ऱ्हातील कागद हितंच. भाऊजी वाचून सांगतील."

ते कागद आणि जुने दोन्ही दस्त मी पुण्याला एका वकिलांना दाखवले. त्यांनी दोन्ही दस्त शेजारी ठेवले, तारखा पाहिल्या आणि म्हणाले की एकाच दिवशी, एकाच व्यवहारात गहाण आणि भाडे झाले असेल तर ते भाडे म्हणजे व्याजच, असे कोर्टापुढे मांडता येते. ते मान्य झाले तर जास्तीचा पैसा मुद्दलात वळता होऊ शकतो. होईलच असे ते म्हणाले नाहीत. वर्षे लागतील असे मात्र म्हणाले. आणि नव्या कागदावर अंगठा उठवला तर ही वाट बिकट होईल, म्हणून तो उठवू नये. हे सारे मी वहिनींना जसेच्या तसे सांगितले. हरलो तर घरही जाईल आणि खर्चही बसेल, हेही सांगितले. मग त्यांनी एवढेच विचारले, दावा लावायला आधी किती पैसे लागतात.

दावा गेल्या आठवड्यात दाखल झाला. तात्या आता ओट्यावर येत नाहीत. ते वाचनालयात म्हणतात की बाईला कुणीतरी शिकवले आहे. वहिनींनी पुढची खोली रिकामी केली आणि कारखान्यातल्या कुणालातरी देणार असल्याचे किराणा दुकानात सांगून ठेवले. वकिलाची फी त्यातून द्यायची. परवा मी तिकडे गेलो तेव्हा रत्नागिरीकडचे दोन तरुण खोली पाहायला आले होते, नव्याने भरती झालेले. त्यांना जागा पसंत पडली. त्यातल्या एकाने खिशातून पोस्टकार्ड आणि पेन्सिल काढली. घरी कळवायचे होते, आईचे पत्र यायचे तर पत्ता नीट हवा.

"द्वारा म्हणून कोणाचा नाव घालू, मावशी? घर कोणाचा म्हणायचा?"

आमच्याकडच्या बायका नवऱ्याचे नाव घेत नाहीत. लग्नातला उखाणा सोडला तर यमुनावहिनींनीही ते कधी उच्चारले नसेल. त्यांनी डोक्यावरचा पदर सारखा केला.

"गोपाळ सखाराम," त्या म्हणाल्या. "लिव्ह. घर गोपाळ सखारामचं."