पदराची खूण

धुडकू आबांना विचाराल, तर कापड विणायच्या लूमच्या कारखान्यात तोंड फक्त जेवायला असतं. बोलून त्या खडखडाटात ऐकणार कोण? तोंडाशी मूठ नेली की चहा, मिशीला पीळ दिला की शेठ आला. गोडादऱ्याच्या कामगार वस्तीतला त्यांचा अख्खा संसार असा हातांवर चालला. बायको कलाबाई त्याच कारखान्यात पलीकडे सुताच्या बॉबिन भरायची आणि दुपारी तिथूनच खुणेनं विचारायची, जेवलात का? आबा जेवलेले असोत-नसोत, पोटावरून हात फिरवायचे.

कलाबाईला जाऊन चार वर्षं झाली. मागे राहिला एक फोटो, आधार कार्डासाठी काढलेला, काठी गिळल्यासारखा ताठ. ती हसायची कशी, हात कसा हलवायची, हे आबांना आताशा आठवेना. जिवाला फार लागलं होतं ते, पण सांगणार कुणाला?

नात पल्लवी कॉलेजात सिनेमा शिकते. एक दिवस तिनं आबांना कॅमेऱ्यापुढे बसवलं. म्हणाली, "आबा, कारखान्यातलं सगळं बोला. पण नुसतं हातानं."

"हाई काय याडपन शे?" आबा कुरकुरले. पण बोलले.

मग कॉलेजात सिनेमा दाखवला, तेव्हा आबाही गेले. आवाज नाही, चेहरा नाही, नुसते हात, तेही गोगलगाईच्या चालीनं. चहाची साधी खूण, पण माणसाएवढी मूठ पडद्यावर अशी वर येत राहिली, की आबांना आपलाच हात परका वाटायला लागला. पुढची पोरं माना वाकड्या करून बघत होती.

नंतर जेवणाची खूण आली. हात आधी कमरेशी गेला, बोटं हवेतच कशाला तरी पुसली गेली आणि मग तोंडाकडे वळली. आबा सावरून बसले. शर्टाला पदर कुठला? बॉबिनच्या तेलाची बोटं पदराला पुसल्याशिवाय कलाबाई तोंडाशी न्यायची नाही, खुणेतसुद्धा नाही. रोज बघून बघून तिची खूण आबांच्या हातात उतरली होती, पदरासकट, आणि त्यांना त्याचा पत्ताच नव्हता.

आबांचे डोळे भरून आले. कॉलेजात जायचं म्हणून सकाळपासून घास उतरला नव्हता. तरी त्यांनी पडद्याकडे बघत पोटावरून हात फिरवला.