विशेष आभार

"तू जरा चहाचं बघ गं," सर म्हणाले.

सांगलीतल्या एका शाळेचा हॉल. रविवार सकाळ. तालमीचा पहिला दिवस. पाटावर नटराज, त्याच्यापुढं माझी वही. दोनशे पानी, निळ्या शाईनं मी लिहिलेली. तिला हळदकुंकू लावलेलं. नाटकवाल्यांत रीत आहे, पहिल्या दिवशी लेखकानं नारळ फोडायचा आणि सगळ्यांना नाटक वाचून दाखवायचं. त्यासाठी मी मिरजेहून रजा टाकून, इस्त्रीची साडी नेसून आले होते. मागच्या नळावर कप विसळत होते तेव्हा आत नारळ फुटल्याचा आवाज आला. सरांनी फोडला. वाचलंही सरांनीच.

मी बौद्ध. नटराजाला हात जोडले नसतेच. नारळही नको म्हणाले असते. पण ते मी म्हणायचं होतं. मला कुणी विचारलंच नाही.

आणि मी काय केलं? तेरा कप ट्रेमध्ये मांडून आत नेले. आठवलं की आजही अंगाची लाही होते. सरांमुळं नाही, माझ्यामुळं.

ही गोष्ट नव्वदनंतरच्या तीन-चार वर्षांतली. मी मिरजेच्या एका दवाखान्यात नर्स होते. मूळची आटपाडीकडची. नाटक टँकरचं होतं. उन्हाळ्यात आमच्या गावात टँकर यायचा तो आधी वरच्या आळीला थांबायचा. आमच्या वस्तीवर येईतोवर पायपातनं नुसती हवा. एक दिवस माझी आई आणि आणखी चौघीजणी चाकापुढं जाऊन बसल्या. मी तेव्हा दहा वर्षांची. नाटकातही तेवढंच. बाया बसतात, ड्रायव्हर इंजिन चालू करतो, बाया हलत नाहीत. पडदा.

मिरजेत आंबेडकर जयंतीला आम्ही ते केलं. जयंतीचं नाटक म्हटलं की पोलीस आधी कागद मागतात. गणपतीत मागितलेला मी तरी बघितला नाही. म्हणून चार खेपा घालून मी नाटकाला सेन्सॉरची मंजुरी आणली होती, माझ्या नावावर. प्रयोगाला सर पाहुणे होते. सांगलीत त्यांचं मोठं नाव, मुंबईला मालिका लिहायचे. प्रयोग संपल्यावर म्हणाले, "वही दे. आपण स्पर्धेत करू." सांगलीला लोक नाट्यपंढरी म्हणतात. तिथं माझं नाटक. मला आभाळ ठेंगणं झालं.

नारळ फुटल्यावर पंधरा दिवसांनी तालमीला गेले तर शेवट बदललेला. पाटलीणबाई धावत येते, आमच्या बाईची घागर स्वतःच्या हातानं भरते, दोघी गळ्यात पडून रडतात.

"सर, असं झालं नव्हतं."

सर हसले. "अगं, प्रेक्षकाला घरी जाताना काहीतरी चांगलं न्यायचं असतं. तुमच्याकडे अनुभव असतो. मांडणी शिकावी लागते."

तेव्हाही मी वही परत मागितली नाही. मग हँडबिल छापून आलं. लेखन-दिग्दर्शन, सर. तळाला 'विशेष आभार', त्यात मांडववाल्याच्या शेजारी मी. तेही नाव नाही. 'मिरजेच्या सिस्टर', एवढंच.

पण त्यांच्याकडनं एक चूक झाली. स्पर्धेच्या अर्जाची मुदत संपत आली होती. नवी मंजुरी काढायला सवड नव्हती. म्हणून त्यांनी अर्जावर माझ्याच मंजुरीचा नंबर टाकला. अर्ज परत आला. नंबर ज्या लेखकाच्या नावावर आहे, त्याचं संमतीपत्र जोडा.

भर दुपारी सर गाडी घेऊन दवाखान्याच्या फाटकाशी आले. हातात टाइप केलेला कागद. मूळ कल्पना माझी, लेखन त्यांचं, माझी काही हरकत नाही.

"इथं सही कर. पुढच्या महिन्यात माझी मालिका सुरू होतेय. संवाद तू लिही. नावाचं नंतर बघू."

खोटं कशाला सांगू, मी पेन हातात घेतलं. मला लिहूनच जगायचं होतं. वॉर्डात बेडपॅन धुतानाही डोक्यात संवाद चालायचे. अशी संधी मला दुसरं कोण देणार होतं? पण कागद पुन्हा वाचला. माझी काही हरकत नाही. आईनं चाकापुढं बसून जी हरकत घेतली होती, ती मी सही करून मागं घेणार होते.

"मी सही करत नाही, सर. शेवट माझा ठेवा, नाव माझं टाका. मग करते."

"आम्ही तुला आत घेतलं, हे विसरू नकोस."

"आत न्हाई घेतलं. चहाच्या कपांपर्यंत घेतलं."

"तुझ्यावाचून नाटक अडेल असं वाटतं तुला?"

"हे अडंल."

गाडी गेली. मी वॉर्डात परत गेले.

नाटक स्पर्धेला गेलं नाही. सांगलीत माझ्या नावानं शिमगा झाला, तो होणारच होता. पण आपली माणसं? जयंती कमिटीचे अध्यक्ष म्हणाले, "ताई, कशाला वाकड्यात शिरला? एवढा मोठा मानूस आपल्यात येत हुता." माझे वडील, आबा, लष्करातनं रिटायर झालेले. ते म्हणाले, "पोरी, नाव काय चाटायचंय? नाटक तर झालं असतं." आबांशी मी आठवडाभर बोलले नाही. बदललेला शेवट आईला सांगितला तर तिनं एवढंच विचारलं, "पाटलिणीनं माझी घागर भरली व्हय? कवा?"

वर्षभरानं सरांची मालिका वॉर्डातल्या टीव्हीवर लागली. जरीच्या साडीतली एक बाई म्हणत होती, "अंगावरनं गेला तरी चालंल, पर आज टँकर रिकामा जायचा न्हाई." माझी ओळ. जशीच्या तशी. कॉटवरचा पेशंट म्हणाला, "काय लिवलंय, सिस्टर!" मी त्याची सलाइन बदलत होते. म्हणाले, "मीच लिवलंय." तो हसला. त्याला चेष्टा वाटली.

त्यानंतर मी दुसरं नाटक लिहिलं. तिसरं चालू आहे. सांगलीचं थिएटर मिळालं नाही, मिळेल असं वाटतही नाही. चीड गेलेली नाही, आणि जाऊही नये. आता ज्याला माझं नाटक पाहिजे त्यानं आमच्या समाजमंदिरात यावं, सतरंजीवर बसावं. वाचणार मी. त्यानं ऐकायचं. पटलं नाही तर उठून जावं, मी अडवणार नाही. वही मात्र मी कुणाच्या हातात देणार नाही.