सुकरामचा नाच कुठं गेला?

सुकराम गेल्याचं मला आमगावच्या बाजारात कळलं. घरी पोचतो न पोचतो तर एका फिल्मवाल्याचा फोन. "माती कधी आहे? उजेड असेल ना तेव्हा?" तोंडात आलेली शिवी मी गिळली. महिना झाला, अजून वाटतं, हासडायला हवी होती.

सुकराम आमच्या दंडारीच्या नाचात बाईचं सोंग करायचा आणि मी ढोलकीवर. दिवाळीनंतर गावोगाव मंडईची जत्रा भरते, तिथं भरदुपारी आमची दंडार नाचायची. लुगडं नेसून तो उभा राहिला की बायाही टक लावून बघत, हा पदर कसा घेतो म्हणून. एक पारबतावहिनी सोडून. नवरा सोंगात असताना बायकोनं मंडईत यायचं नाही, अशी सासूची ताकीद होती. सासू मेली, तरी वहिनींनी ती पाळली.

नव्याण्णव साली पहिली फिल्मवाली मंडळी आली, ती ऐन उन्हाळ्यात. म्हणे, माहितीपट आहे, तुम्ही आहात तसेच दिसा. मंडया आटोपल्या की आम्ही घुंगरू पुजून पेटीत ठेवतो. मग दिवाळीपर्यंत त्यांना कोणी हात लावत नाही. सुकरामनं त्यांच्यासाठी ती पेटी उघडली! उन्हात, अंगणात, घामाघूम होऊन अख्खा नाच केला. वहिनी माहेरी गेल्या होत्या. दंडारीतल्या म्हाताऱ्यांनी मग त्याला त्या वर्षी मंडईत पाय ठेवू दिला नाही. तो मला म्हणाला, "जाऊ दे ना गा. बायको मंडईत नाई येत, टीव्हीवर तं पाहील."

फिल्म आली ती टीव्हीवर नाही, सीडीवर; ती सीडी माझ्याकडंच राहिली. त्यात सुकराम बिडी ओढतो, बांधावर बसतो आणि मागून कोणीतरी शुद्ध मराठीत सांगतं की ही कला मरते आहे. नाच? विचारलं तर फिल्मवाले म्हणाले, "लांबी वाढत होती हो..." पुढं आणखी दोन फिल्मा झाल्या. दोन्हींत त्याला रडायला सांगितलं. "कायले रडू? मी काय मरून राहिलो का?" असं म्हणायचा आणि तरी रडायचा. त्याला वाटायचं, यानं ते खूश झाले तर नाचही घेतील. गोंदियात पोरं त्याला 'हीरो' म्हणून चिडवायची आणि हा बापडा हसायचा. मला मात्र त्या सगळ्या फिल्मवाल्यांचा संताप यायचा, अजून येतो. जिवंत माणसाला आधीच मेलेला दाखवून हे लोक बक्षिसं घेऊन आले.

तेरवी झाल्यावर वहिनींनी निरोप धाडला, फिल्मा घेऊन या. मी तिन्ही सीड्या नेल्या. डोक्यावर पदर घेऊन त्या टीव्हीपुढं बसल्या, देवळात बसावं तशा. तिन्ही संपल्या...

"रडताना तं मी त्यायले घरीच पाहिलं, भाऊजी. नाच कोठी हाये?"

"नाही, वहिनी. घेतलाच नाही त्यांनी."

त्यांनी डोक्यावरचा पदर सावरला. मग म्हणाल्या, "पुन्हा लावा. मधात कोठी असंल. आपल्या नजरंतून सुटला असंल."

मी पुन्हा पहिली सीडी लावली.