जाऊबाईंचं वाचन

हे मी आजवर कुणापाशीच बोलले नाही — घरात यांच्यापाशीसुद्धा नाही. तुम्हाला सांगते.

महाराष्ट्र राज्य होऊन दोन-तीन वर्षं झाली असतील. मी बुलढाण्याला मुलींना मराठी शिकवायचे. वाचनालयात एका नव्या कादंबरीवर मला बोलायचं होतं. तिची नायिका — नवरा चांगला, जुना मित्रही चांगला, तरी ती दोघांनाही सारखी पारखत राहते. तीनदा वाचली मी. टिपणं काढली. पण ही बाई अशी का वागते, ते काही केल्या सापडेना.

त्याच आठवड्यात सोनाळ्याहून माझ्या मोठ्या जाऊबाई आल्या होत्या. चौथी शिकलेल्या, सारा दिवस मळ्यात, वांगी-मिरचीत. त्यांनी सहज ती कादंबरी उचलली आणि दोन दुपारींत संपवली. मग भाजी निवडता निवडता म्हणाल्या, "तिले त्या दोघायचा संशय नाई, सुमन. आपल्यावर कोनी जीव लावते, हेच तिले खरं वाटत नाई. म्हनून पारखून राह्यली."

माझं अख्खं भाषण त्या बोलण्यावर उभं राहिलं. टाळ्या पडल्या. अध्यक्षांनी माझ्या जाणकारीचं कौतुक केलं. जाऊबाई पहिल्या रांगेत बसून हसत होत्या — किती आनंदानं! अध्यक्षांनी त्यांना विचारलं, "आपण वाचलीत का कादंबरी?"

त्या बोलणार, तेवढ्यात मी म्हणाले, "त्यांना वाचता येत नाही."

का म्हणाले? चोरी उघडी पडेल म्हणून? की त्या वऱ्हाडीत बोलतील आणि लोक हसतील म्हणून? — दोन्ही.

जाऊबाईंनी एकदाच माझ्याकडे पाहिलं. इतक्यात हजेरीची वही शाईच्या डबीसकट फिरत आली. माझी सही झाली, वही त्यांच्यापुढे गेली. त्यांनी पेन बाजूला सारलं, शिक्क्याच्या शाईवर अंगठा टेकवला आणि वहीत उमटवला. मी खोटी पडू नये — म्हणून.

घरी येताना त्या मिरचीच्या रोपांबद्दल बोलत होत्या.

पुढे आमचं छान जमलं. अजूनही त्या येतात, महिनाभर राहतात. आम्ही दोघी एकच पुस्तक आळीपाळीनं वाचतो, त्यावर भांडतो, हसतो. सुखाचे दिवस आहेत. त्या संध्याकाळचं त्या कधी बोलल्या नाहीत. मीही नाही.

फक्त इथलं, बुलढाण्याचं कुणी भेटायला आलं, की त्या हातातलं पुस्तक मिटून माझ्याकडे देतात. आणि मी — मी ते घेते.