गुडघे जुळवून मेलेला सामुराई

माझे यजमान तोकुजिरो क्योतोच्या मूकपटांत स्त्रीपार्टी नट होते. नायिका ते कधीच झाले नाहीत. नायिकेची मोलकरीण, विधवा आत्या, दारात रडणारी आई, असलीच कामं. गुरूंनी लहानपणी बजावलं होतं, बाई दिसायचं तर घरातही बाईसारखंच राहायचं. म्हणून बसायचं गुडघे जुळवून, हसायचं तोंडावर बाही धरून. शेजारणी म्हणत, "ओ-त्सुने, तुमच्या घरात सून नक्की कोण गं?" मी हसून सोडून द्यायचे. घर चालत होतं.

मग स्टुडिओनं खऱ्या बायका घेतल्या. स्त्रीपार्टी नट एकेक करून घरी बसले. कुणी रिक्षा ओढू लागला, कुणी गाव सोडलं. यांची चाळिशी उलटलेली, दुसरं काही येत नव्हतं. हे दिग्दर्शक कुसाका यांच्या दारात जाऊन बसले आणि पुरुषाचं कसलंही काम द्या म्हणाले. कुसाका म्हणाले, तलवारीनं मरता आलं तर रोज काम आहे, आमच्या नायकाला कापायला माणसं कमीच पडतात.

आठवडाभर मी अंगणात झाडूनं यांना मारत होते आणि हे पडत होते. पाय फाकवा, हात पसरा, मी ओरडायचे. इनारीदेवाला नवस बोलून मी चहा सोडला.

चित्रीकरणाच्या दिवशी भाताचे गोळे घेऊन मी मागे उभी होते. नायकाची तलवार फिरली. हे कोसळले, पण कोसळताना डावा हात आपसूक किमोनोच्या काठाकडे गेला, गुडघे जुळले, बाही तोंडावर आली. कॅमेऱ्याचा दांडा फिरवणारा हसत खालीच बसला. कुणीतरी यांनाच म्हणालं, "वहिनी, लागलं नाही ना?"

पुन्हा घेतलं. पुन्हा तेच.

कुसाका हसले नाहीत. "तोकुजिरो, मरताना माणूस विचार करत नाही. तुमचं अंगच आता बाईचं झालंय. उद्यापासून येऊ नका."

यांनी धुळीत कपाळ टेकलं. "मग मेलेला घ्या साहेब. मरायचं काम नको. नुसतं पडून राहू द्या."

त्यांनी घेतलं.

चित्रपट लागला तेव्हा हे आले नाहीत, मी एकटीच गेले. लढाईनंतर नदीकाठी चटया पांघरलेली प्रेतं होती. पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणाऱ्यानं त्यांचं एका वाक्यात उरकलं. मी कुणाला दिसणार नाही असे सगळ्याच चटयांना हात जोडले.

घरी आले तर हे चहात भिजवलेला भात पुढ्यात घेऊन तसेच बसलेले.

"चटईखाली माझे गुडघे जुळलेले दिसत होते का गं?"

"छे," मी म्हटलं. "चांगले फाकलेले होते."

यांची चटई कुठली, हेच मला कळलं नव्हतं. देव मला क्षमा करो. हे जेवायला लागले.