पाटाचं दार

बानं माझी घागर स्वतःच्या हातानं फोडली. तात्या पाटलानं सांगितलं म्हणून फोडली. पाटील पाटाच्या काठावर उभा होता, बा गुडघाभर पाण्यात उभा होता आणि मी दोघांच्या मधे, ओल्या परकरानं.

"तुनी पोरनी पाणी बाटाडं. फोड ती घागर."

"चूक झायी, तात्या. पोर शे."

"फोड."

बानं माझ्या कडेवरची घागर घेतली आणि दगडावर आपटली. मातीची घागर ती, तिला कितीसा वेळ लागतो? पाणी परत पाटात गेलं.

मी चोरी करायला गेले नव्हते. मला खरंच वाटलं होतं की तिथं भरलेलं चालतं. ते का वाटलं, ते सांगते.

देवळ्याच्या अलीकडे, गिरणेच्या काठी आमचं गाव. नदीला दगडी बंधारा आहे, बंधाऱ्यावरून पाट निघतो आणि शिवारातल्या फडांना, म्हणजे शेतांच्या पट्ट्यांना, पाणी देतो. पाणी पाळीनं मिळतं. ज्याची पाळी असेल त्याच्या शेताकडचं चिखलाचं दार फोडायचं, पाळी संपली की हातापायांनी चिखल लोटून ते बुजवायचं. हे काम जागल्याचं. आमच्या गावचा जागल्या म्हणजे माझा बा. थंडी असो, ताप असो, बा पाण्यात. त्याच्या पायाच्या बोटांमधली कातडी कायम पांढरी आणि सोललेली असायची. त्याबद्दल खळ्यावर धान्य मिळायचं, तेही सगळ्यांचं घेऊन झाल्यावर.

पाटावर प्रत्येकाची जागा ठरलेली होती. सगळ्यांत वर गावाचं पिण्याचं पाणी. त्याखाली गुरं. त्याखाली धुणं. आणि त्याच्याही खाली आम्ही महारवाड्यातल्या बाया. शेणाचा, राखेचा वास असलेलं पाणी आम्ही फडक्यातून गाळून प्यायचो. आम्हाला त्याचं काही वाटायचं नाही. वाटायचं नाही, हेच सगळ्यांत वाईट.

त्या साली पावसानं दगा दिला. गिरणा आटत आली आणि पाट आमच्यापर्यंत पोचेनासा झाला. वरच्या वरच उसाला तोडला जायचा. तशात माय बाळंत झालेली. अंगात ताप, ओठांना पापुद्रे. ती नुसती म्हणत होती, "पाणी दे व माय." घरात माठाच्या तळाशी गढूळ थेंब होते. मी घागर घेऊन निघाले आणि चालत चालत वर गेले, जिथं बा दार धरून उभा होता तिथं.

ती जागा गावाच्या पाणवठ्याच्याही वर होती. बाचे पाय त्या पाण्यात होते. हात कोपरापर्यंत त्या पाण्यात होते. त्याचा घाम त्यात पडत होता. तेच पाणी खाली जाऊन गाव पीत होतं. मग माझी घागर बुडली तर काय बिघडणार होतं? एवढा साधा हिशेब मी केला. पोरीच्या जातीचा हिशेब, आणि महाराच्या पोरीचा. तो चुकणारच होता.

घागर फुटल्यावर मी बाला विचारलं, "बा, तू पाणीमा उभा शे ना?"

बा वाकून खापऱ्या गोळा करू लागला. पाटील मात्र हसला. ते हसू मला त्या फुटक्या घागरीपेक्षा जास्त लागलं.

मग भटजींना बोलावणं गेलं. बाला पाण्याबाहेर काढलं, लांब बाभळीखाली उभं केलं. भटजींनी मंत्र म्हणत पाटात गोमूत्र शिंपडलं. वाहतं पाणी ते! मी बाटवलेलं पाणी तोवर पाटलाच्या उसात पोचलंसुद्धा होतं. तो ऊस कुणी उपटला नाही. त्याचा गूळ पुढं गावानं चवीनं खाल्ला.

पाणी शुद्ध झालं. भटजी निघाले. पाटलानं बाभळीकडे बघून हाक मारली.

"चाल रे, दार धर. पाळी जाई राहिनी."

आणि बा त्या शुद्ध पाण्यात परत उतरला.

मी ते बघितलं. तेव्हा मला ते सांगता आलं नसतं, आता येतं. विटाळ पाण्याला नव्हता. आमच्या पायांनाही नव्हता. आमच्या तहानेला होता. आम्ही राबायला उतरलो की पाणी चांगलं, प्यायला वाकलो की बाटलं.

मायचं ते बाळ राहिलं नाही. पाण्यावाचून गेलं असं मी म्हणणार नाही. तेव्हा आमच्यात बाळं जायचीच. माय वाचली. बानं घागरीचं नाव पुन्हा काढलं नाही, पण त्यानंतर तो माझ्याकडे सरळ बघायचा नाही. मला त्याचा राग यायचा. आता येत नाही. आता नुसता शीण येतो.

मधल्या काळात नाशकाहून मामा यायचा. पंचवटीत देवळाच्या दाराशी आपली माणसं बसलीत, मार खातायत पण हटत नाहीत, असं सांगायचा. बा ऐकून घ्यायचा आणि म्हणायचा, "देव राहू दे तठे. मन्ही पोरले पाणी द्या म्हना." मामा चिडायचा. मला मात्र दोघांचंही पटायचं. दार ते दारच, देवळाचं काय आणि पाटाचं काय.

पुढं माझं लग्न करून दिलं, आणि नवरा गेल्यावर मी परत आले. पुन्हा एक कोरडं साल आलं. बाच्या पायांना जखमा झाल्या, त्याला उभं राहवेना. जागल्याचं काम घरावर असतं. पुरुष पडला तर बाईनं करायचं. मी पाटात उतरले. भर दुपारची वेळ, पाळी पाटलाच्या उसाची. ऊस पिवळा पडत चाललेला. मी दार फोडलं, पाणी वळवलं, आणि काठावर ठेवलेली घागर घेऊन पाण्यात बुडवली. सगळ्यांच्या देखत.

"ए, काय करी राहिनी?" पाटील ओरडला. आता तो म्हातारा झाला होता.

"पाणी भरस."

त्यानं उसाकडे बघितलं, माझ्या पायांकडे बघितलं. अडला हरी गाढवाचे पाय धरी. आवाज एकदम मऊ झाला.

"भर. पन कोनले सांगू नको. संध्याकायले येत जाय, अंधारमा."

खरं सांगते, क्षणभर मला ते बरं वाटलं. पाणी तर मिळत होतं. घरी बा तहानलेला होता. चोरून का होईना, चांगलं पाणी. आमच्या किती पिढ्या या 'का होईना'वर जगल्या. मग मला बाभळीखाली उभा असलेला बा दिसला.

"चोरी नही करस मी. उजेडमा भरस, नही त मी बाहेर निंघस. दार तुम्ही धरा."

त्यानं मान फिरवली. मी घागर भरून काठावर ठेवली, चिखलाचे पाय घेऊन वर आले आणि घागर उचलून घरी निघाले. मागं दार उघडंच राहिलं. पाटील माणसांना हाका मारत होता. पाण्यात कोण उतरलं, मला माहीत नाही. मी वळून बघितलं नाही.

घरी बा घागरीला तोंड लावून पाणी प्याला. कुठलं आहे, विचारलं नाही. त्याला कळलं होतं.

खळ्यावरचं धान्य बंद झालं. जागलकी गेली. आपल्याच लोकांनी शिव्या दिल्या, तुझ्या घागरीपायी आमच्याही पोटावर पाय आला म्हणाले. त्यांचं खोटं नाही. बा गेला तेव्हा खांदा द्यायला थोडेच आले.

मी रोज दुपारी वरच्या पाणवठ्यावर जाते. कधी वाटेवर काटे असतात, ते बाजूला करते. कधी दगड येतात. अंग दुखतं. नको वाटतं. तरी जाते. मालेगावच्या बाजारातून मी पितळेची घागर आणली आहे. ती फुटत नाही, तिला नुसते पोचे पडतात. पोचे पडले की पाणी कमी मावतं. म्हणून मी एक खेप जास्त करते.