टीव्हीवरचं फाटक

कोरोनाच्या पहिल्या लाटेत वाडी गावात आमच्या गल्लीत एक बाई भाड्यानं राहत होत्या. त्यांचं नाव मला आजही ठाऊक नाही. त्यांना ॲम्ब्युलन्समधून नेलं, तेव्हा त्यांचं हिरवं फाटक दिवसभर टीव्हीवर झळकलं. खाली लाल अक्षरांत लिहिलं होतं, 'मृत्यूची गल्ली'.

बऱ्या होऊन त्या परतल्या, तरी लोक त्यांचं घर आलं की रस्ता ओलांडून पलीकडून जात. दुसऱ्याच संध्याकाळी त्यांनी फाटकासमोर खुर्ची टाकली. तेव्हापासून रोज तेल लावून, घट्ट वेणी घालून त्या तिथं ताठ बसायच्या आणि जाणाऱ्या प्रत्येकाला हाक मारायच्या, "काय गा, बरा हाय नं?" उत्तर कोणी देत नसे.

एकदा घरमालक दुरूनच ओरडला, "बाई, आत बसा नं. लोक भिऊन राहिले!"

त्या हलल्या नाहीत. "टीव्हीवर माहं फाटक पाहून भिऊन राहिले नं? मंग आता मले पाहा. मी जिती आहो!"

मग समोरच्या ओट्यावरून एका म्हातारीनं विचारलं, "दवाखान्यात जेवाले काय देत होते वं?"

"पानचट वरन, माय! त्यात मीठबी नाही!"

कुठल्याशा बंद खिडकीमागं कोणीतरी खुदकन हसलं.